देक्सियासचा अंगठा

देक्सियास कुंभाराला जेवायला बोलावणं म्हणजे आपल्याच स्वयंपाकघराची झडती द्यायला तयार होणं. तो आधी जवाची भाकरी उलटी करून बघे, मग खारवलेल्या मासळीचा वास घेई, मग यजमानाच्या तोंडाकडे निरखून बघे, आणि तेव्हा कुठे पहिला घास जाई. अथेनादेवीच्या उत्सवात बळीचं मटण वाटत, तेव्हा आपल्याच वाट्याला हाडं जास्त का, हे ठरवायला तो शेजाऱ्याचा वाटा चाचपून बघायचा. माती विकायला येणाऱ्या म्हाताऱ्याची माती तो जिभेवर ठेवून चाखी. म्हातारा म्हणे, "खा, खा, पोटभर खा. मीठ आणून देऊ का?" देक्सियास त्याच्याकडे न बघता थुंकायचा आणि म्हणायचा, "मीठ तूच घातलंयस, म्हणून तर विचारतोयस."

केरामेइकोस या कुंभारवाड्याची अख्खी गल्ली त्याला हसायची. पण त्याच्यासारखं चाक चालवणारा गल्लीत दुसरा नव्हता, हेही सगळ्यांना ठाऊक होतं.

या रोगाचं मूळ त्याच्या बापात होतं. बापाने कधीकाळी एक पेला काढला होता. ओठाशी जरासा बाहेर वळलेला, धरायला हलका. पुढच्या उत्सवापर्यंत तसाच पेला गल्लीतल्या प्रत्येक घरात सुकायला लागलेला दिसला. कुणी चोरला, कुणी नेला, काही कळलं नाही. बापाने त्यानंतर तोंडातून दुसरा विषयच काढला नाही. मरताना पोराला जवळ बोलावून तो म्हणाला, "तुझ्या ताटात जेवतो त्याचे हात बघत जा." एवढा वारसा बापाने दिला, तो पोराने फार निगुतीने सांभाळला.

बापाकडून चाक मिळालं आणि अंगठ्यावरची खूण त्याने स्वतः कमावली. पोरवयात चाकावरून भांडं कापताना दोरी निसटली आणि उजव्या अंगठ्याचं पेर तिरकं चिरलं गेलं. जखम भरली, पण चीर राहिली. पुढे देक्सियासने याच चिरेचा उपयोग केला. भांड्याला कान जोडायचा तेव्हा कानाखालची ओली माती तो त्या अंगठ्याने दाबायचा. तिथे एक तिरकी रेघ उमटायची. त्याचा माल कोणता आणि दुसऱ्याचा कोणता, हे व्यापारी कानाखाली बोट फिरवून ओळखत. देक्सियास म्हणायचा, "आकार चोरतील, चित्र चोरतील. हा अंगठा कोण चोरेल?" आणि अंगठा नाकासमोर नाचवायचा.

मिर्तोशी लग्न झालं तेव्हा तिच्यासोबत तिचा धाकटा भाऊ थाल्लोसही आला. आईबाप गेलेले, पोराला दुसरं घर नव्हतं. घरात मेहुणा आला म्हटल्यावर देक्सियासने पहिले काही महिने ऑलिव्हच्या मडक्याला दोरी बांधून ठेवली होती. मिर्तोने ती दोरी चुलीत घातली, तेव्हा प्रकरण मिटलं. पुढे मिर्तो भांड्यांवर चित्रं काढायला लागली. तिचे घोडे असे, की बाजारात लोक थांबून त्यांच्या मानेचा बाक बघत. थाल्लोसने भट्टी सांभाळायला घेतली. देक्सियासला आगीची भीती होती, त्यामुळे ही वाटणी त्याच्या सोयीचीच होती. चाकावर तो राजा, पण भट्टीपाशी पाहुणा. आणि पाहुण्याला यजमानावर विश्वास ठेवावा लागतो, हीच त्याची खरी अडचण होती.

त्या वर्षी उन्हाळा सरत आला असताना पिथेर्मोस नावाचा आयोनियन व्यापारी दारात उतरला. समुद्रापलीकडे पश्चिमेला तिरेनियात त्याच्या खेपा चालत. त्याने कापडातून एक काळं भांडं काढलं. नक्षी नाही, चित्र नाही. पण कान बघावेत तर पट्टीसारखे रुंद, खांद्यापासून थेट ओठापर्यंत गेलेले.

"तिकडचे लोक असलं भांडं वापरतात," पिथेर्मोस म्हणाला. "माणूस मेला की त्याच्याबरोबर पुरतात. मला हाच आकार पाहिजे, पण आपल्या मातीत आणि आपल्या चित्रांचा. घोडे काढा, कुस्ती काढा, दारूचा देव काढा."

"पुरायचं आहे तर चित्रं कशाला? मातीखाली कोण बघतंय?"

"मेलेला बघतो."

"मेलेल्याने सांगितलं तुला?"

"अरे बाबा, त्यांना हवंय, मला विकायचंय, तुला बनवायचंय. यात मेलेल्याची साक्ष कशाला काढतोस? हिवाळ्यासाठी समुद्र बंद व्हायच्या आत जहाज भरून दे. माल पसंत पडला तर दर उन्हाळ्याला पहिला तुझ्या दारात येईन. नाही जमलं, तर गल्लीत कुंभार काय कमी आहेत?"

हे शेवटचं वाक्य बोलताना त्याने समोरच्या एवार्खोसच्या दाराकडे नजर टाकली. देक्सियासने ती पाहिली. असल्या नजरा त्याच्या डोळ्यांतून कधी सुटत नसत.

त्याने चाकाभोवती घोंगडी टांगली. दाराकडे पाठ करून तो बसायचा. रुंद कान दोनदा तुटले, तिसऱ्यांदा जमले, आणि त्या घोंगडीआडून तो पोरासारखा ओरडला, "मिर्ते, बघ!" मिर्तो पलीकडून चित्र सोडून धावत आली. असा आनंद त्याला क्वचितच व्हायचा. दुसऱ्याच क्षणी त्याने घोंगडीचं टोक ओढून दाराची फट बंद केली.

आणि मग एके सकाळी पाण्याला जाताना त्याने एवार्खोसच्या अंगणात पाहिलं. उन्हात सुकायला ओळीने भांडी मांडलेली. कान पट्टीसारखे रुंद.

देक्सियासच्या हातातली घागर खाली आली. बापाचा पेला, बापाचा आवाज, सगळं एकदम अंगावर आलं. ताटात जेवतो त्याचे हात. घरात जेवणारे तिघंच होते. स्वतःला वगळलं तर दोघं. मिर्तो दिवसभर चित्रांत, उंबऱ्याबाहेर पडायची नाही. राहिला थाल्लोस.

त्यातच माती विकणाऱ्या म्हाताऱ्याने सहज सांगितलं, "तुझा मेहुणा काल एवार्खोसच्या भिंतीवर बसून अंजीर खात होता. मजेत होता हो." म्हाताऱ्याला एवढंच सांगायचं होतं, की या वर्षी अंजीर चांगले आलेत. देक्सियासने सुतावरून स्वर्ग गाठला. आकार विकला तो आता माल नासवणार. भट्टी त्याच्याच हातात. आपली खेप वाया गेली की पिथेर्मोस समोरच्या दारात जाईल आणि थाल्लोस तिकडे अंजीर खात बसेल.

मिर्तोला तो म्हणाला, "तुझा भाऊ हल्ली फार गोड बोलतो."

"तो नेहमीच गोड बोलतो. तुम्ही ऐकत नाही एवढंच."

"एवार्खोसकडे काय काम असतं त्याचं?"

मिर्तो कुंचला धुवत होती. ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "काही नाही." तिचं ते थांबणं देक्सियासने मनात नोंदवून ठेवलं.

पहिली खेप भट्टीत गेली. भट्टीच्या तोंडावर थाल्लोसने रिवाजाप्रमाणे जीभ काढलेला मातीचा मुखवटा टांगला, दुष्ट नजर फुटावी म्हणून. कोरडी लाकडं पेटली, भांडी लालबुंद झाली. मग थाल्लोसने ओली लाकडं घातली, धुराडं झाकलं, आणि दारातलं आत बघायचं भोक ओल्या मातीच्या बोळ्याने बुजवलं. आता धूर आत कोंडायचा, सगळं काळं पडायचं. नंतर झाकणं उघडली की वारा शिरून मातीचा रंग पुन्हा लाल होई, आणि लेप दिलेली चित्रं तेवढी काळी कुळकुळीत राहत. पण धूर कोंडलेला असताना वाऱ्याची झुळूकही आत जाऊ द्यायची नाही. गल्लीतलं शेंबडं पोरही हे जाणतं.

थाल्लोस तोंड धुवायला विहिरीवर गेला. देक्सियास भट्टीपाशी आला. आत खरंच धूर आहे की या पोराने धुराडं मुद्दाम उघडं ठेवलंय? मालकाला आपली भट्टी बघायचा हक्क नाही का? त्याने बोळा काढला आणि डोळा लावला. डोळ्यात धूर गेला, दिसलं काहीच नाही. त्याने डोळे चोळले, पुन्हा डोळा लावला. मग थाल्लोसची पावलं ऐकू आली, तसा घाईने बोळा बसवून तो लांब जाऊन उभा राहिला. दुपारभरात थाल्लोस जेव्हा जेव्हा हलला, तेव्हा तेव्हा देक्सियासने भट्टी तपासली. मालकाची नजर म्हणजे काही वारा नव्हे, अशी त्याची समजूत होती.

भट्टी उघडली तेव्हा मिर्तो पहिल्याच भांड्यापाशी खाली बसली. दाराजवळच्या ओळीतल्या भांड्यांवर काळ्याच्या जागी लाल डाग पसरले होते. तिच्या घोड्यांचे पुढचे पाय होते, मागचं धड लाल मातीत विरून गेलं होतं. दारूच्या देवाला दाढी होती, तोंड नव्हतं.

थाल्लोसने एक भांडं फिरवून पाहिलं. "वारा शिरलाय, दाजी."

"शिरला की शिरवला?"

"म्हणजे?"

"म्हणजे काही नाही. दुसरी खेप आहे. तिच्याकडे मी डोळ्यात तेल घालून बघणार आहे."

थाल्लोसला टोमणा कळला, पण त्याचं डोकं दुसरीकडेच धावत होतं. संशय संसर्गाने पसरतो. त्या घरात इतकी वर्षं राहून थाल्लोसलाही थोडी लागण झाली होतीच. त्याला वाटलं, बाहेरचं कुणी तरी मागच्या भिंतीवरून येतं आणि भोक उघडतं. तो बहिणीला हळूच म्हणाला, "अक्का, या खेपेला मी बोळ्यावर ऑलिव्हचं पान दाबून ठेवणार. पान जळून जाईल, पण शिरा उमटतील. कुणी बोळा बदलला तर कळेल." मिर्तो म्हणाली, "ठेव. आणि यांना सांगू नकोस, नाहीतर हे रात्रभर त्या पानाचीच राखण करत बसतील."

दुसऱ्या खेपेला देक्सियासने आपला शब्द पाळला. धूर कोंडला गेला, भोक बुजलं, आणि थाल्लोस जेवणासाठी आत वळला मात्र, हा भट्टीपाशी हजर. बोळा वाळून तडकला होता, काढताच त्याचे तुकडे झाले. त्याला कसलं तरी पान चिकटलं होतं. भट्टीवाल्याचा गबाळेपणा, म्हणून देक्सियासने ते पायाने सारलं. आत डोकावला. धूर, धग आणि काळोख. एवढ्याने समाधान होईना, म्हणून तो बराच वेळ तसाच वाकून राहिला. मग त्याने ओली माती घेतली, भोक नीट बुजवलं आणि कुंभाराचा हात जसा आपोआप चालतो तसा अंगठ्याने कडा दाबून आत गेला. जेवताना त्याने थाल्लोसच्या हातांवरून नजर हलवली नाही.

खेप काढायच्या दिवशी पिथेर्मोस बैलगाडी घेऊन आला. फालेरोनच्या किनाऱ्यावर जहाज उभं होतं, वारा फिरायला लागला होता. समोरच्या दारात एवार्खोस हात पुसत उभा होता. थाल्लोसने भट्टीचं दार फोडलं आणि तो तसाच थांबला.

डाग या वेळी मागच्यापेक्षा मोठे होते.

देक्सियासला राग येण्याआधी, खरं सांगायचं तर, आनंद झाला. आपलं म्हणणं खरं ठरल्याचा तो वाईट आनंद. तो गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "बघा! सगळ्यांनी बघा! बायकोचा भाऊ म्हणून घरात घेतला. आधी माझा आकार समोर विकला, आता माझा माल जाळला. बोल, किती अंजिरांना विकलास मला?"

"दाजी, काय बोलताय?"

"एवार्खोसच्या अंगणात माझे कान लागलेली भांडी काय आभाळातून पडली?"

पिथेर्मोसला हसू आवरेना. "ती माझ्या गाडीतून पडली, बाबा. ते काळं भांडं मी त्याच्याकडेही नेलं होतं. त्याच दिवशी, तुझ्याकडून निघून थेट. एकाच कुंभारावर जहाज सोडायला मी काय खुळा आहे?"

"आणि भिंतीवर बसणं?" देक्सियासने बोट एवार्खोसकडे वळवलं. "तेही तूच शिकवलंस का रे याला?"

एवार्खोस सावकाश पुढे आला. "मी बोलावलं होतं त्याला. माझी भट्टी सांभाळ म्हटलं. घर देतो म्हटलं. अंजीर खाल्ले आणि म्हणाला, अक्काचं घर सोडून येणार नाही. परत तीनदा विचारलं. दर वेळी अंजीर खाल्ले, दर वेळी नाही म्हणाला."

"मला माहीत होतं," मिर्तो म्हणाली. "मीच म्हटलं, दाजींना सांगू नको. त्यांची झोप जाईल."

एखाद्याने इथे कानाला खडा लावला असता. पण देक्सियासच्या पायाखालची वाळू सरकली, तसा तो आणखी जोरात उभा राहिला. "बरं, आकार नाही विकला. मग ही भट्टी कुणी नासवली? हिला हात लावणारा एकच माणूस आहे. याच्या हातांशिवाय या भोकाला कुणाचा हात लागत नाही. आत्ताच्या आत्ता माझ्या घरातून चालता हो!"

थाल्लोस पुढे झाला. तो भट्टीच्या दाराच्या ढिगाऱ्यात वाकला, विटा बाजूला करू लागला. आतल्या धगीने भाजून खापर झालेला तो बोळा त्याला सापडला. त्याने तो झटकला, पानाच्या शिरा शोधत उजेडाकडे धरला. शिरा नव्हत्या. त्याचा चेहरा आधी गोंधळला, मग हळूहळू पांढरा पडला. त्याने बोळा बहिणीच्या हातात ठेवला आणि तो अंगणाबाहेर निघून गेला. कुणी हाक मारायच्या आत तो गल्ली ओलांडून एवार्खोसच्या दारातून आत शिरला होता.

मिर्तोने बोळा पाहिला. मग तिने जवळचं एक भांडं उचललं, तिच्याच अर्ध्या घोड्याचं, आणि कानाखालची जागा बोळ्याशेजारी धरली. दोन्हीकडे एकच अंगठा, एकच तिरकी चीर.

"घ्या," ती म्हणाली. "तुम्हीच म्हणायचात ना, हा अंगठा कोण चोरेल?"

देक्सियासने बोळा घेतला. त्याने आपला अंगठा त्या खळग्यात बसवून पाहिला. सवयच होती त्याला, कुणाचंही काही लगेच मान्य न करायची. अंगठा नीट बसला.

पिथेर्मोसने एवार्खोसचा माल गाडीत भरला. देक्सियासच्या भट्टीतली मागच्या ओळीची, डाग न पडलेली मोजकी भांडी त्याने घेतली, तीही मिर्तोच्या घोड्यांकडे बघून. पुढच्या उन्हाळ्याबद्दल तो काही बोलला नाही. मिर्तोने नवऱ्याला जेवण वाढलं, पण ती स्वतः पलीकडे चित्रांपाशी जाऊन बसली. पानात काय वाढलंय हे देक्सियासने त्या दिवशी उलटून बघितलं नाही. त्याला चवच लागत नव्हती. थाल्लोसची जागा रिकामी होती, आणि आता कुणाच्या हातांकडे बघायचं हा प्रश्न त्याच्यासमोर आयुष्यात पहिल्यांदाच उभा राहिला होता. स्वतःचे हात त्याने मांडीखाली घेतले.

काही दिवसांनी समोरच्या धुराड्यातून धूर दिसला. थाल्लोस एवार्खोससाठी पहिली भट्टी लावत होता. देक्सियास बराच वेळ उंबऱ्यात उभा होता. मग तो निघाला. गल्लीतले लोक कामं टाकून बघायला लागले. आता हा काय नवीन शोधून काढणार, असंच सगळ्यांना वाटलं.

"थाल्लोस," तो दारातून म्हणाला.

"आत्ता उठता येणार नाही, दाजी. धूर कोंडायची वेळ आहे."

"उठू नकोस. मी बसतो."

आणि तो बसला. भट्टीकडे पाठ करून, तोंड गल्लीकडे. मागे लाकडं फुटत होती, झाकणं ओढल्याचे आवाज येत होते. मागे काय चाललंय ते बघण्यासाठी त्याची मान शिवशिवत होती. घामाने सदरा पाठीला चिकटला. पण त्याने मान वळवली नाही. माती विकणारा म्हातारा मुद्दाम समोरून दोनदा गेला. दुसऱ्यांदा तो म्हणाला, "अरे, मागे तुझा मेहुणा भट्टी पळवून नेतोय बघ!" देक्सियास म्हणाला, "नेऊ दे. त्याचीच आहे."

मागचा आवाज थांबला. थोड्या वेळाने त्याच्या खांद्यावरून एक हात पुढे आला. त्या हातात ओल्या मातीचा गोळा होता.

"भोक राहिलंय बुजवायचं," थाल्लोस म्हणाला. "माझे हात काजळीने भरलेत."

देक्सियास उठला. डोळे भोकाच्या वर, इथेही टांगलेल्या जीभ काढलेल्या मुखवट्यावर ठेवून, आत न बघता त्याने गोळा बसवला. कडा तळहाताने सारख्या केल्या. अंगठा पुढे आला तसा त्याने तो मुठीत घेतला.

"पान आहे का रे?" त्याने विचारलं.

थाल्लोसने अंगणातल्या ऑलिव्हचं एक पान तोडून दिलं. देक्सियासने ते ओल्या मातीवर ठेवलं, हळूच दाबलं, आणि पुन्हा गल्लीकडे तोंड करून बसला. भट्टी थंड होईपर्यंत तो तिथून उठला नाही.